सेसिलिया म्हणजे 'आंधळी' का? आणि सासूबाईंचं नाव नातीला द्यावं का?

ताई, तुमचा प्रश्न दोनदा वाचला. बाकीच्यांना संदर्भ लागावा म्हणून आधी थोडक्यात मांडतो. तुम्ही वसईच्या. दोन महिन्यांपूर्वी मुलगी झाली, पुढच्या महिन्यात बाप्तिस्मा आहे. सासूबाईंचं नाव सेसिलिया, गाव त्यांना 'सिसूबाय' म्हणायचं. त्या गेल्या वर्षी गेल्या, म्हणून नातीला त्यांचंच नाव द्यायचं ठरलं होतं. मग मिस्टरांनी मोबाइलवर अर्थ शोधला. पहिल्याच ओळीत 'आंधळी' आलं आणि तेव्हापासून ते नको म्हणतायत. चुलत सासूबाई सुचवतात 'सीलिया' ठेवा, अर्थ स्वर्गीय. आयर्लंडला नर्स असलेली नणंद म्हणते 'शीला' ठेवा, तेही तेच नाव आहे. आणि सगळ्यात शेवटी, जाता जाता, तुम्ही लिहिलंय की आईंना शेवटची चार वर्षं काचबिंदूमुळे दिसत नव्हतं.

माझ्या मते प्रश्न त्या शेवटच्या वाक्यातच आहे.

मी तीस-एक वर्षं लॅटिन शिकवलं. निवृत्त झाल्यापासून आपल्या भागातल्या लोकांना बाप्तिस्म्याच्या आणि लग्नाच्या जुन्या नोंदी वाचून देतो. 'नावाचा अर्थ काय' हे महिन्यातून दोन-तीनदा तरी कुणीतरी विचारतंच. विचारणाऱ्याला सहसा शब्दकोश नको असतो. घरात कुणीतरी काहीतरी बोललेलं असतं आणि ते मनाला लागलेलं असतं. तुमच्या मिस्टरांना लॅटिन धातूचं काय पडलंय? त्यांना आईचा हात धरून तिला ओटीवर आणून बसवल्याचं आठवतंय आणि मोबाइलने नेमका तोच शब्द समोर ठेवला. 'म्हणजे आईच्या नावातच ते होतं' असं वाटणं अगदी साहजिक आहे.

म्हणून आधीच सांगून टाकतो. नाव ठेवायचं की नाही हे मी ठरवू शकत नाही. सगळं समजल्यावरही त्यांना हाक मारताना दर वेळी टोचणार असेल, तर माझी व्युत्पत्ती घेऊन भांडू नका, दुसरं नाव शोधा. पण निदान खरी माहिती हातात घेऊन ठरवा.

मोबाइलने सांगितलं ते खोटं नाही, अर्धवट आहे. लॅटिनमध्ये 'काइकुस' म्हणजे आंधळा. भाषांची कुळं जुळवणारे लोक याच्या नात्यात जुन्या आयरिशमधला एकाक्ष या अर्थाचा शब्द बसवतात, गॉथिकमधलाही तसाच एक, आणि आपल्या संस्कृतातला 'केकर', म्हणजे तिरळा. अमरकोशात तो सापडेल. म्हणजे हा शब्द मुळात डोळ्यातल्या कसल्याही उणिवेचा असावा आणि लॅटिनमध्ये येईतो पूर्ण आंधळेपणावर स्थिरावला असावा. 'काइकुस'वरून 'काइकिलिउस' झालं आणि त्याचं स्त्रीलिंगी रूप 'काइकिलिया'. तेच आजचं सेसिलिया.

पण हे मुळात मुलीला ठेवायचं नाव नव्हतंच. ते कुळाचं नाव होतं, आपल्या आडनावासारखं. आता आपलीच आडनावं बघा. आंधळे आहेत, बहिरट आहेत, बोबडे आहेत, टकले आहेत. बहिरट आडनावाची मुलगी वर्गात आली तर 'हिला ऐकू येतं ना?' असं कुठल्या बाईंनी विचारलंय? केव्हातरी कुणा पूर्वजाला गावाने नाव ठेवलं, ते चिकटलं, पूर्वज विसरला गेला आणि आडनाव उरलं. मराठीत नाव ठेवणं आणि नावं ठेवणं यात एका टिंबाचा फरक आहे; रोमन लोकांकडे तर तेवढाही नव्हता. प्रसिद्ध वक्ता सिसेरो, त्याच्या नावात हरभरा आहे. क्रासुस म्हणजे जाड्या, काल्वुस म्हणजे टकला, स्ट्राबो म्हणजे तिरळा, नासो म्हणजे नाकाड्या. पॉला म्हणजे लहानखुरी, आणि क्लॉडियाचं नातं 'लंगडा' या शब्दाशी लावतात. तुमच्या चर्चमध्ये क्लॉडिया आणि पॉला असतीलच. त्यांच्या आईबापांनी मोबाइल उघडला नाही एवढंच.

खरोखरचा आंधळा रोमनही इतिहासात आहे, आप्पिउस क्लॉडिउस काइकुस. इ.स.पू. 312 मध्ये सेन्सॉर (जनगणना आणि सार्वजनिक बांधकामं बघणारा मोठा अधिकारी) असताना त्याने रोमहून दक्षिणेला जाणारा प्रसिद्ध रस्ता बांधायला घेतला, तोच आप्पिया मार्ग. त्याचं 'काइकुस' हे त्याचं स्वतःचं टोपणनाव. काइकिलिया कुळाशी त्याचा संबंध नाही, पण त्याचा रस्ता या गोष्टीत पुन्हा दोनदा येणार आहे, म्हणून लक्षात ठेवा.

काइकिलिया कुळाचे लोक स्वतःच्या नावाबद्दल काय सांगायचे? ते आपला मूळपुरुष काइकुलुस मानायचे, अग्निदेव वुल्कानचा मुलगा. हे मूल म्हणे चुलीपाशी सापडलं आणि धुरामुळे त्याचे डोळे किलकिले झालेले होते, म्हणून हे नाव. मोठेपणी त्याने प्राइनेस्ते गाव वसवलं, आजचं पालेस्ट्रिना. (चर्चसंगीतातला थोर संगीतकार पालेस्ट्रिना याच गावचा, नाव गावावरूनच पडलेलं.) ज्याच्या घरी पावसाळ्यात ओली लाकडं पेटवलीत त्याला असे डोळे माहीत आहेत. आंधळे नव्हेत, धुराने चुरचुरणारे.

आणि रोमच्या रस्त्यावरच्या माणसाला 'काइकिलिया' ऐकून काय आठवत असेल? माझा अंदाज, हत्ती. या कुळाची सगळ्यात मोठी शाखा मेतेल्लुसांची. इ.स.पू. 250 मध्ये लुकिउस काइकिलिउस मेतेल्लुसने सिसिलीतल्या पानोर्मुसपाशी, म्हणजे आजच्या पालेर्मोपाशी, रोमचा शत्रू असलेल्या कार्थेजच्या फौजेचा पाडाव केला आणि शंभरावर हत्ती पकडले. पुढच्या पिढ्यांतल्या मेतेल्लुसांनी नाणी पाडली तेव्हा त्यांवर हत्ती आला. हत्ती हीच त्या घराण्याची निशाणी झाली.

याच मेतेल्लुसची पुढची गोष्ट मिस्टरांना नक्की सांगा. इ.स.पू. 241 मध्ये रोममध्ये वेस्ता देवीच्या देवळाला आग लागली. आत पॅलेडियम होतं, ट्रॉयहून आणलेली मानली जाणारी पवित्र मूर्ती. मेतेल्लुस तेव्हा मुख्य पुरोहित होता. तो आगीत शिरला आणि मूर्ती बाहेर घेऊन आला. पुढे रोमन लेखक प्लिनीच्या लिखाणात येतं की त्यात त्याचे डोळे गेले. पण हाच माणूस त्यानंतरही मुख्य पुरोहितच राहिला आणि इ.स.पू. 224 मध्ये निवडणुका पार पाडायला त्यालाच डिक्टेटर, म्हणजे तात्पुरता सर्वाधिकारी, नेमलं गेलं. म्हणून बऱ्याच इतिहासकारांना डोळे गेल्याचा भाग मागाहून जोडलेला वाटतो. लोकांना नावात 'आंधळा' ऐकू येत होतं, मग गोष्टीतही त्याला आंधळं केलं.

तुमच्या घरात तसंच काहीसं झालंय. काचबिंदू आधी आला आणि अर्थ नंतर, तोही मोबाइलमधून. मनाने मात्र क्रम उलटा लावला, जणू नाव आधीपासून टपून बसलं होतं.

(इथेच एक विषयांतर करतो, राग मानू नका. काचबिंदू नावातून येत नाही, पण जवळच्या नात्यात असेल तर त्याचा धोका वाढतो. मिस्टरांनी डोळ्यांचा दाब एकदा तपासून घ्यावा, दिसायला काही त्रास नसला तरी. नावाच्या काळजीपेक्षा ही काळजी जास्त कामाची.)

आता स्त्रियांकडे येऊ, कारण नाव त्यांच्यामुळे टिकलं. प्रजासत्ताकाच्या काळात रोमन मुलीला बहुधा स्वतःचं वेगळं नावच नसायचं. बाप काइकिलिउस तर मुलगी काइकिलिया. दुसरी झाली तर तीही काइकिलिया, मग थोरली, धाकटी, तिसरी असं म्हणून वेळ मारून न्यायची. आप्पिया मार्गावर रोमपासून थोडं बाहेर एक गोल, बुरुजासारखी कबर आहे, इ.स.पू. पहिल्या शतकातली. रस्त्याकडेच्या बाजूला संगमरवरी पाटी आहे. तिच्यावर एवढंच: 'क्विंतुस क्रेतिकुसची मुलगी, क्रासुसची बायको, काइकिलिया मेतेल्ला हिच्यासाठी'. ती कशी होती, किती वर्षं जगली, काही नाही. नाव बापाच्या कुळाचं, दुसरा शब्द त्या कुळाच्या शाखेचा, पुढे बाप, पुढे नवरा. एवढी मोठी कबर, आणि तिचा स्वतःचा असा एक शब्द त्या दगडावर नाही. मध्ययुगात एका सरदार घराण्याने त्या कबरीवर तटाचे दाते बसवून तिचा किल्ला केला, म्हणून आज ती बुरुजासारखी दिसते.

आणखी एक काइकिलिया दंतकथेतली. रोमचा राजा तार्क्विनिउस याची राणी तानाक्विल मूळची एट्रुस्कन, म्हणजे रोमच्या उत्तरेकडच्या शेजारी लोकांतली. रोमला आल्यावर तिचं नाव बदललं आणि ती गाइया काइकिलिया झाली अशी परंपरा आहे. ती सूतकताईत तरबेज होती, तिची चाती आणि लोकर देवळात जपून ठेवली होती असं रोमन लेखक सांगतात. रोमन लग्नात नवरी म्हणायची, 'जिथे तू गाइउस, तिथे मी गाइया', ते वाक्यही तिच्याशी जोडलं जायचं. आमच्या शेजारच्या हिंदू घरांत ताटातल्या तांदळात अंगठीने नवरीचं नवं नाव लिहिताना मी लहानपणी पाहिलंय. हे वाक्य वर्गात शिकवताना मला दर वेळी ते ताट आठवायचं.

संत सेसिलियाची कथा तुम्हाला ठाऊक असणारच, मी भराभर सांगतो. खानदानी रोमन मुलगी, वालेरियनशी लग्न. लग्नाच्या रात्री ती त्याला सांगते की देवदूत माझं रक्षण करतो. तो बाप्तिस्मा घेतो, मग भाऊ तिबुर्तियुसही. पुढे तिघंही रक्तसाक्षी होतात. तिला वाफेच्या न्हाणीघरात कोंडलं तरी ती मेली नाही, मानेवर तलवारीचे तीन घाव बसले, तरी तीन दिवस जगली. ही कथा लिहिली गेली पाचव्या शतकात, घटनांनंतर बऱ्याच काळाने, त्यामुळे तपशिलांवर कोर्टात शपथ घेऊ नये. पण तिचा मान जुना आहे. मिस्साच्या जुन्या रोमन प्रार्थनेत ज्या मोजक्या स्त्री-संतांची नावं घेतली जातात त्यात ती आहे: आगाथा, लुसिया, आग्नेस, सेसिलिया. लुसिया म्हणजे उजेडाची, आणि एक नाव सोडून पुढे आपली 'आंधळी'. दीड हजार वर्षं दोघी एका दमात उच्चारल्या जातायत, कुणाला काही खटकलेलं नाही.

तिची कबर कालिस्तुसच्या भुयारी दफनभूमीत, आप्पिया मार्गालगतच. म्हणजे श्रीमंत मेतेल्ला आणि रक्तसाक्षी सेसिलिया, दोघी त्या आंधळ्या आप्पिउसच्या एकाच रस्त्यावर, फार अंतर नाही. नवव्या शतकात पोप पास्काल पहिले यांनी तिचे अवशेष शहरात त्रास्तेवेरेच्या चर्चमध्ये आणले. 1599 मध्ये तिथली शवपेटी उघडली आणि पुढच्या वर्षी स्तेफानो मादेर्नोने संगमरवरात तिला घडवलं. कुशीवर निजलेली, चेहरा पलीकडे वळलेला आणि कापडात झाकलेला, मानेवर घावाची बारीक रेघ, एका हाताची तीन बोटं पुढे आणि दुसऱ्याचं एक. फोटो शोधून बघा. सगळ्या मूर्तीत डोळे कुठेच दिसत नाहीत, आणि तरी ते आठवत नाही, इतका तो हात बोलतो.

मग संगीताचा संबंध कुठून आला? ही मला या नावातली सगळ्यात गंमतीची गोष्ट वाटते, कारण ती दोन-तीन शब्द गळाल्याने घडली. जुन्या कथेत वाक्य आहे की लग्नात वाद्यं वाजत असताना सेसिलिया 'मनातल्या मनात' फक्त देवासाठी गात होती. म्हणजे बाहेर बँड चालू आणि हिचं लक्षच नाही. हे वाक्य तिच्या सणाच्या उपासनेत गायलं जाऊ लागलं तेव्हा 'मनातल्या मनात' हे शब्द गळाले. उरलं काय? वाद्यं वाजत होती आणि सेसिलिया गात होती. त्यात वाद्यांसाठी शब्द 'ऑर्गानिस', तो ऐकून पुढच्यांना चर्चचा ऑर्गन दिसला. पंधराव्या शतकापासून चित्रांत ती ऑर्गन घेऊनच उभी. राफाएलने मात्र 1515च्या सुमारास काढलेल्या चित्रात बरोबर ओळखलंय. बोलोन्यात आहे ते. तिच्या पायाशी मोडकी वाद्यं पडलीत, हातातला छोटा ऑर्गन उलटा झालाय, नळ्या निसटून पडतायत, आणि ती वर बघून दुसरंच काही ऐकतेय.

चुकीच्या वाचनाने का होईना, ती गाणाऱ्यांची संत झाली. 1585 मध्ये पोप सिक्स्तुस पाचवे यांनी रोममधल्या संगीतकारांच्या संघाला मान्यता दिली, तीच आजची सांता चेचीलिया अकादमी. लंडनमध्ये सतराव्या शतकाच्या शेवटी 22 नोव्हेंबरला, तिच्या सणाला, दरवर्षी नवी रचना गायची प्रथा पडली. पर्सेलने 1692 मध्ये केलेली रचना आजही गातात. हँडलने 1739 मध्ये केली. तुमच्या चर्चच्या गायनवृंदाला विचारा सेसिलिया म्हणजे काय. 'आंधळी' असं एकजण म्हणाला तर मला कळवा.

मध्ययुगातल्या धर्मगुरूंनाही तुमच्या मिस्टरांसारखाच प्रश्न पडला होता, बरं का. संतिणीच्या नावात आंधळेपण कसं? तेराव्या शतकात याकोबुस द वोराजिने याने संतचरित्रं संकलित केली, त्यात तो नावाची फोड करून देतो. 'स्वर्गातली लिली', 'आंधळ्यांची वाट', 'जिच्यात आंधळेपण नाही ती'. इंग्रज कवी चॉसरने पुढे हेच इंग्रजीत आणलं. भाषाशास्त्रात याला काही किंमत नाही, पण हसू नका. आपल्याकडे कीर्तनकार बुवा एकेका अक्षराची फोड करून अर्थ काढतात तो याच जातीचा प्रकार. शब्द कुठून आला हे सांगण्यासाठी तो नसतोच, तो शब्दाला जवळ करण्यासाठी असतो. 'आंधळ्यांची वाट' हे तुमच्या घरात उपयोगी पडेल असं मला वाटतं. व्युत्पत्ती म्हणून नव्हे. आईंनी चार वर्षं अंधारात घर कसं चालवलं ते तुम्हीच बघितलंय.

आता उच्चार, कारण नणंदेचा मुद्दा त्यावर आहे. जुन्या लॅटिनमध्ये दोन्ही 'क' होते: काइकिलिया. पुढे 'ए' आणि 'ई'च्या आधीचा 'क' मऊ झाला, आणि प्रत्येक प्रदेशात वेगळा. इटलीत चेचीलिया, जर्मनीत त्सेत्सीलिया, फ्रान्समध्ये सेसील, पोर्तुगालमध्ये सेसीलिया. आपल्याकडे 1534 पासून 1739 पर्यंत पोर्तुगीज होते, म्हणून आपल्या तोंडी 'स' बसला. इटालियन पाद्री आधी आले असते तर सिसूबायच्या चिचूबाय झाल्या असत्या.

इंग्लंडात हे नाव उत्तर फ्रान्समधल्या नॉर्मन लोकांनी नेलं. विल्यम द कॉन्करर राजाच्या एका मुलीचं नाव सेसिलिया होतं. तिथे सेसिली, सिसली अशी रूपं झाली. बाराव्या शतकात नॉर्मन आयर्लंडला गेले आणि 'सेसील' आयरिश तोंडात शिरलं. आयरिशमध्ये 'ई'च्या आधीचा 'स' म्हणजे 'श'. झालं शीला. तुम्हाला हे विचित्र वाटायला नको, मराठीनेही तेच केलंय: संस्कृत 'सीव्यति', हिंदी 'सीना', आणि आपण 'शिवतो'.

म्हणजे नणंदेचं बरोबर आहे, आयर्लंडपुरतं. तिथली शीला ही सेसिलियाच. पण आपली शीला संस्कृत 'शील'वरून आलेली, तिचा लॅटिनशी काडीचा संबंध नाही. दोन नद्या वेगवेगळ्या डोंगरांतून येऊन एकाच उच्चाराला मिळाल्या. मला ही सूचना मनापासून आवडली. अट एकच, सासूबाईंची आठवण त्यात आहे हे घरात सांगत राहावं लागेल. वसईत शीला ऐकून सिसूबाय कुणालाही आठवणार नाहीत.

'सीलिया'चं तसं नाही. ते वेगळ्या कुळाचं नाव, काइलिया. त्याचं नातं 'काइलुम' म्हणजे आकाश या शब्दाशी लावतात. कानाला जवळचं आहे, सेसिलियाचं लाडकं रूप म्हणूनही वापरतात, पण मूळ एक नाही. ठेवायला छान. फक्त 'हेच ते नाव, चांगल्या अर्थाचं' अशी समजूत करून घेऊन ठेवू नका. पुरुषांचं 'सेसिल' तर तिसरंच प्रकरण, ते वेल्श आडनावावरून आलंय.

मुलगी मोठी होऊन नाव शोधेल तेव्हा तिला आणखी एक गोष्ट सापडणार आहे, ती आधीच सांगून ठेवतो. 1758 मध्ये प्राण्या-वनस्पतींना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनेयसने पाय नसलेल्या एका उभयचर प्राण्याच्या प्रजातीला हेच नाव दिलं. त्या गटाचे प्राणी आपल्या सह्याद्रीत आहेत. पावसाळ्यात ओल्या मातीत निघतो तो देवगांडूळ. डोळे कातडीआड झाकलेले असतात, म्हणून नाव. शाळेतली मुलं चिडवतील? चिडवतीलही. तेव्हा तिला सेसिलिया पेनबद्दल सांगा. जन्म 1900, इंग्लंडात. 1925 च्या प्रबंधात तिने दाखवलं की तारे मुख्यतः हायड्रोजन आणि हेलियमचे बनलेले आहेत. तेव्हाच्या मोठ्या खगोलशास्त्रज्ञांना ते पटलं नाही, आणि काही वर्षांनी मान्य करावं लागलं. सूर्य कशाचा आहे हे ज्या बाईला आधी दिसलं, तिचं नाव हे.

आता कामाचं. चर्चची काही अडचण येणार नाही. नाव संताचंच हवं अशी सक्ती आज नाही. 1983 च्या धर्मसंहितेत एवढंच आहे की ख्रिस्ती भावनेला परकं नाव नको. तुमच्याकडे तर संतिणीचंच आहे. अडचण येते ती स्पेलिंगची, आणि ती पुढे पन्नास वर्षं पुरते.

जुन्या लॅटिन नोंदींत या नावाचं (रोमन लिपीत Caecilia) दुसरं आणि तिसरं अक्षर, a आणि e, एकमेकांना चिकटवून लिहीत. तिरक्या हस्ताक्षरात ते जोडाक्षर 'ओ'सारखं दिसतं. एका कुटुंबाने माझ्याकडे आजीचा दाखला आणला होता, त्याच्या टंकलिखित प्रतीत तिचं नाव 'कोसिलिया' पडलेलं. मूळ वहीवर भिंग धरलं तेव्हा कळलं. दुसऱ्या घरात पणजीचं नाव पिढ्यान्‌पिढ्या 'सेसिलियम' सांगत आले होते. पाद्रीने लिहिलं होतं 'सेसिलियाला बाप्तिस्मा दिला', आणि लॅटिनमध्ये 'ला' लावायचं तर शेवटी 'म' येतो. विभक्तीचा प्रत्ययच नाव होऊन बसला. पोर्तुगालचे कागद काढताना त्या लोकांना एका 'म'पायी किती हेलपाटे पडले ते विचारू नका.

म्हणून नाव ठेवायचं ठरलं तर आधी सासूबाईंच्या लग्नाची नोंद चर्चमधून काढा आणि त्यांचं स्पेलिंग बघा. तेच घ्या किंवा सोपं करा, पण बाप्तिस्म्याच्या वहीत, जन्मदाखल्यात आणि आधारवर एकच राहू द्या. नोंद काढायला मिस्टरांनाच पाठवा. आईची सही असेल तिथे. काचबिंदूच्या कितीतरी आधीची, त्यांनी स्वतः बघून केलेली. वहीतलं काही वाचता आलं नाही तर फोटो इथेच टाका, मी वाचून देतो.